सर थॉमस मोअरचा लेखक सही करतो

१९६१ च्या सप्टेंबरात लंडनच्या बो स्ट्रीट कोर्टाने तीसेक माणसांकडे जे मागितलं, ते ऐकायला अगदीच किरकोळ होतं. शांतता राखू, अशा हमीचा एक कागद. सही करा आणि घरी जा, नाहीतर तुरुंगात जा. या माणसांत तत्त्वज्ञ बर्ट्रांड रसेल होता, वय ८९. कवी होते, नाटककार होते, चळवळीतले कार्यकर्ते होते. आणि रॉबर्ट बोल्ट नावाचा ३७ वर्षांचा लेखक होता. काही वर्षांपूर्वीपर्यंत तो शाळेत मास्तर होता. आता मात्र त्याच्या नाटकाचं नाव लंडनमध्ये सगळ्यांच्या तोंडी होतं. त्या नाटकाचा नायक राजाला हवी असलेली शपथ घेत नाही आणि त्यापायी डोकं गमावतो.

या मंडळींचा गुन्हा असा की अण्वस्त्रांविरोधात स्थापन झालेल्या ‘कमिटी ऑफ हंड्रेड’ने १७ सप्टेंबरला ट्रफाल्गर चौकात ठिय्या द्यायचं जाहीर केलं होतं. ठिय्या व्हायच्या आधीच सरकारने म्होरक्यांना बोलावून घेतलं. त्यासाठी जो कायदा काढला तो १३६१ सालचा, फ्रान्समधल्या लढायांवरून परतून लूटमार करत हिंडणाऱ्या सैनिकांना वेसण घालण्यासाठी केलेला. रसेलला दोन महिने सुनावले गेले, मग वय आणि प्रकृती पाहून ते आठवड्यावर आणले. बोल्टला एक महिना. ठिय्या झालाच आणि पोलिसांनी तेराशेवर माणसं पकडली.

हा प्रकार मराठी वाचकाला परका वाटू नये. सण किंवा निवडणूक जवळ आली की पोलीस कार्यकर्त्यांवर ‘चॅप्टर केस’ करतात आणि चांगल्या वर्तणुकीचं बंधपत्र लिहून घेतात, ते याच कुळातलं. १९१६ मध्ये बेळगाव आणि अहमदनगरच्या भाषणांवरून पुण्याच्या जिल्हा दंडाधिकाऱ्याने टिळकांकडे वीस हजारांचं बंधपत्र आणि दहा-दहा हजारांचे दोन जामीन मागितले होते. बॅरिस्टर जीना टिळकांच्या बाजूने उभे राहिले आणि मुंबई हायकोर्टाने तो हुकूम रद्द केला. टिळक कायद्याचा कीस काढून लढले. हे इथे सांगायचं कारण असं की बोल्टचा नायकही पहिल्यापासून शेवटपर्यंत वकीलच आहे, हुतात्मा व्हायची त्याला जराही हौस नाही.

बोल्टने आयुष्यभर एकच प्रश्न वेगवेगळ्या पोशाखात उभा केला, असं त्याच्या पटकथा ओळीने पाहिल्यावर वाटतं. सदसद्विवेक म्हणून माणूस ज्याच्यापुढे अडून बसतो, ती नेमकी काय वस्तू आहे? ती देवाची असते का? आणि देव मानत नसेल त्या माणसाने अडून बसावं तर कशाच्या जोरावर? प्रश्न धर्माचा आहे, पण विचारणारा धार्मिक नाही. त्यामुळेच त्याच्या लिखाणाला धार आहे, आणि त्याची पंचाईतही तिथेच होते.

तो जन्मला १९२४ मध्ये, मँचेस्टरजवळच्या सेल गावात, एका छोट्या दुकानदाराच्या मेथॉडिस्ट घरात. शाळा संपल्यावर काही दिवस विमा कंपनीत कारकुनी केली, मग विद्यापीठात इतिहास, मध्ये युद्धातली नोकरी. तरुणपणी कम्युनिस्ट पक्षात गेला आणि काही वर्षांत बाहेरही पडला. मग डेव्हनमधल्या खेड्यातली शाळा, त्यानंतर सॉमरसेटमधली मिलफील्ड शाळा. वर्ग सुटल्यावर रेडिओसाठी नाटकं लिहायचा. घरचा देव सुटला, पाठोपाठ पक्षाचाही सुटला. मेथॉडिस्ट घरातली कडक हिशेबाची सवय मात्र सुटली नाही.

‘अ मॅन फॉर ऑल सीझन्स’ १९५४ मध्ये आधी बीबीसीसाठी लिहिलं गेलं आणि १९६० च्या जुलैत रंगमंचावर आलं. कथा इतिहासातली. आठव्या हेन्रीला पहिली राणी सोडून ॲन बोलीनशी लग्न करायचं आहे, पोप परवानगी देत नाही, म्हणून राजा पोपचीच सत्ता झुगारतो. १५३४ मध्ये वारसाहक्काच्या कायद्यासोबत शपथ आली. जवळजवळ सगळ्यांनी ती घेतली, माजी चॅन्सलर सर थॉमस मोअरने घेतली नाही. विरोधात भाषण केलं नाही, पत्रक काढलं नाही, बंड तर नाहीच. नुसता गप्प राहिला. मौन म्हणजे संमती, हे कायद्यातलं जुनं सूत्र त्याची ढाल होती. मी गप्प आहे, तेव्हा कायद्याच्या दृष्टीने मी संमतीच दिली, माझ्याविरुद्ध पुरावा कुठे आहे? अखेर रिचर्ड रिच नावाच्या सरकारी वकिलाने खोटी साक्ष दिली आणि ६ जुलै १५३५ रोजी मोअरचं डोकं उडवलं गेलं. चर्चने त्याला बरोबर ४०० वर्षांनी संतपद दिलं.

कॅथॉलिक संतावर नाटक लिहिणाऱ्या बोल्टने छापील प्रतीच्या प्रस्तावनेत आपण कॅथॉलिक नाही, खऱ्या अर्थाने ख्रिस्तीही नाही, हे स्वच्छ सांगून टाकलं. त्याला मोअरमध्ये दिसला तो आपली हद्द पक्की ठाऊक असलेला माणूस. हा गृहस्थ मोठा व्यवहारी आहे. बायकोमुलांत रमणारा, चांगल्या जेवणाचा आणि विनोदाचा शौकीन, राजालाही होईल तितकं सांभाळून घेणारा. मागे सरत सरत तो एका रेषेपाशी येतो. तिच्यापलीकडे एक पाऊल गेलं तर थॉमस मोअर नावाचं काही उरणारच नाही. शपथेबद्दल बोल्टचं म्हणणं असं: शपथ घेताना माणूस स्वतःलाच तारण ठेवतो. पूर्वी त्या तारणाला किंमत होती, आता आपल्याला रोख रक्कम तारण ठेवलेली जास्त विश्वासाची वाटते.

बेलभंडारा उचलून दिलेला शब्द आणि स्टँप पेपरवरचं प्रतिज्ञापत्र, हा फरक मराठी माणसाला वेगळा समजावून सांगावा लागत नाही. बखरींतून बेलभंडाऱ्याच्या आणा मोडल्याचे प्रसंगही भरपूर सापडतात, म्हणून जुन्या काळाचे गोडवे फार गायला नकोत. पण बोल्टने प्रस्तावना लिहिली १९६० च्या सप्टेंबरात. बरोबर वर्षाने कोर्टाने त्याच्यापुढे सरकवला तो हमीचाच कागद. स्वतःला की रकमेला तारण ठेवायचं, हा प्रश्न निबंधातून उठून थेट लेखकापाशी आला होता.

तो तुरुंगात गेला. स्टॅफर्डशायरमधलं ड्रेक हॉल, खुल्या पद्धतीचं कारागृह. इथवर सगळं नाटकाबरहुकूम. पण त्याच वेळी तो पटकथा लिहीत असलेल्या ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ या चित्रपटाचं काम अर्ध्यावर होतं. दिग्दर्शक डेव्हिड लीन जॉर्डनच्या वाळवंटात मोठं लटांबर घेऊन बसला होता, खर्च हाताबाहेर चालला होता आणि पटकथेचा उरलेला भाग बोल्टकडून यायचा होता. तुरुंगातून मजकूर बाहेर पाठवायची सोय नव्हती. निर्माता सॅम स्पीगल स्वतः गाडी घेऊन ड्रेक हॉलला आला. त्याने धमकी दिली नाही, लाचही देऊ केली नाही. त्याचा मुद्दा माणुसकीचा होता. तू इथे बसलास तर काम बंद पडेल, शेकडो माणसांची रोजी जाईल. तुझ्या तत्त्वाची किंमत ते का मोजतील?

बोल्टने सही केली. महिना पुरा न करताच स्पीगलबरोबर बाहेर पडला. ती सही त्याला पुढे जन्मभर टोचत राहिली.

नाटकात नेमका हाच मुद्दा मोअरपुढे त्याचा जिवलग मित्र ड्यूक ऑफ नॉरफोक मांडतो. तो म्हणतो, आम्ही सगळ्यांनी शपथ घेतली आहे, दोस्तीखातर तूही ये. मोअरचं उत्तर जितकं थट्टेचं तितकंच निर्दय आहे. तुम्ही आपल्या मनाला पटेल तसं वागून स्वर्गात जाल आणि मी माझ्या मनाविरुद्ध वागल्याबद्दल नरकात जाईन, तेव्हा दोस्तीखातर माझ्यासोबत तिकडे याल का? बोल्टने हे लिहिलं होतं, प्रेक्षकांनी त्यावर टाळ्या दिल्या होत्या. स्पीगलने नॉरफोकचंच म्हणणं पुढे केलं, फक्त दोस्तीच्या जागी सुतार, इलेक्ट्रिशियन आणि उंटवाल्यांची मजुरी ठेवली, तेव्हा लेखकाला आपल्याच नायकाचं उत्तर देता आलं नाही.

बोल्टला या प्रसंगावरून ढोंगी ठरवणं फार सोपं आहे, आणि चूकही. मोअरच्या नकाराची झळ मोअरच्याच घराला बसत होती. ती मुलगी मेग आणि बायको ॲलिस यांना किती बसते हे नाटक लपवतही नाही. बोल्टच्या नकाराची झळ बसणार होती अशा लोकांना, ज्यांना या आंदोलनाशी देणंघेणं नव्हतं. दुसऱ्याच्या पोटावर पाय देऊन स्वतःचा विवेक स्वच्छ ठेवावा का, हा प्रश्न खरा आहे आणि मोअरच्या नाटकात त्याचं उत्तर नाही. मात्र असा प्रश्न घेऊन येणारा माणूस बहुधा स्पीगलच असतो, ही गोष्टही तितकीच खरी. मजुरांची कणव निर्मात्याला एरवी कितपत येते, हे सिनेमाच्या धंद्यात वावरलेल्या कुणालाही विचारावं.

‘लॉरेन्स’च्या पटकथेत आणखी एक गाठ आहे, आणि ती बोल्टच्या बाजूने सुटत नाही. बोल्टच्या आधी या चित्रपटावर मायकेल विल्सन हा अमेरिकन लेखक राबला होता. कथेचा सांगाडा, प्रसंगांची मांडणी यातलं बरंचसं त्याचं. विल्सनला १९५१ मध्ये अमेरिकन संसदेच्या चौकशी समितीपुढे बोलावलं होतं. कम्युनिस्ट आहेस का आणि कोणकोण आहेत, या प्रश्नांची उत्तरं द्यायला त्याने नकार दिला, राज्यघटनेने दिलेल्या मौनाच्या हक्काचा आधार घेतला आणि हॉलिवुडच्या काळ्या यादीत गेला. म्हणजे कायद्याच्या आडोशाला गप्प राहून किंमत मोजणारा हाडामांसाचा मोअर बोल्टच्या हाताखालच्या कागदांतच होता. श्रेयनामावलीत विल्सनचं नाव आलं नाही. संवाद सगळे माझे आहेत, ही बोल्टची भूमिका. ब्रिटिश लेखकांच्या संघटनेने विल्सनचा हक्क मान्य केला, ऑस्करच्या अकादमीने त्याचं नाव नामांकनात घातलं ते १९९५ मध्ये. विल्सन १९७८ मध्येच वारला होता.

‘डॉक्टर झिवागो’साठी आणि पाठोपाठ मोअरच्याच नाटकावरच्या चित्रपटासाठी बोल्टला लागोपाठ दोन वर्षं ऑस्कर मिळालं. फ्रेड झिनेमनच्या त्या चित्रपटाने एकूण सहा ऑस्कर घेतली. नाटकातलं ‘कॉमन मॅन’ हे पात्र त्यात गाळलं. कधी नोकर, कधी नावाडी, कधी तुरुंगाचा पहारेकरी आणि शेवटी मोअरचा जल्लाद, अशी सगळी कामं हाच सामान्य माणूस करतो, आणि शेवटपर्यंत जिवंत राहतो. बोल्टच्या सगळ्या राजकारणातली सर्वांत बोचरी गोष्ट तीच होती. पडद्यावर ती गेली आणि संत तेवढा उरला.

खरा तात्त्विक वाद याआधीच, नाटक आलं त्याच वर्षी, झाला होता. ‘ऑब्झर्व्हर’चा समीक्षक केनेथ टायनन याने बोल्टच्या मोअरशेजारी ब्रेख्तच्या नाटकातला गॅलिलिओ ठेवला. गॅलिलिओ ज्यासाठी झगडतो ते सत्य आहे, पृथ्वी फिरते की नाही याने जगाला फरक पडतो. मोअर ज्यासाठी मरतो ते सत्य आहे की नाही याची बोल्टला पर्वाच नाही. ती मोअरची श्रद्धा आहे, एवढं त्याला पुरतं. बोल्टने त्याच वर्तमानपत्रात उत्तर दिलं. नाटकातही मोअर नॉरफोकला जे सांगतो त्याचा आशय असाच आहे: अमुक गोष्ट खरी आहे यापेक्षा ती मी मानतो याला महत्त्व, आणि त्यातही जोर ‘मी’वर.

टायननचा वार वर्मी लागतो. इतिहासातला थॉमस मोअर हे वाक्य कधीच बोलला नसता. त्याच्या लेखी सदसद्विवेक म्हणजे एकट्याच्या ‘मी’चा आवाज नव्हता, शेकडो वर्षांच्या ख्रिस्ती समाजाने एकमुखाने जे मानलं त्याच्याशी आपलं मन जुळवून घेणं, म्हणजे विवेक. एकट्याच्या आतल्या आवाजाला तो पाखंड म्हणे. आणि पाखंड्यांचं काय करायचं याबद्दल त्याच्या मनात शंका नव्हती.

जेम्स बेनम हा मिडल टेंपलचा वकील, म्हणजे मोअरच्याच पेशातला. १५३१ च्या अखेरीस तो प्रॉटेस्टंट मतांसाठी पकडला गेला. चौकशीत मोडला, १५३२ च्या फेब्रुवारीत त्याने आपली मतं मागे घेतली, दंड भरला, सुटला. पण त्याला चैन पडेना. एका रविवारी तो चर्चमध्ये गेला, टिंडेलने इंग्रजीत आणलेला, बंदी असलेला नवा करार हातात धरून उभा राहिला आणि आपण देवाला नाकारल्याचं सगळ्यांसमोर रडत सांगितलं. पुन्हा अटक झाली. ३० एप्रिल १५३२ रोजी स्मिथफील्डच्या मैदानात त्याला जिवंत जाळलं. तेव्हा इंग्लंडचा लॉर्ड चॅन्सलर होता सर थॉमस मोअर. त्याने राजीनामा दिला तो आणखी दोन आठवड्यांनी. मोअरच्या कारकिर्दीत असे सहा जण जाळले गेले. मोअरने बेनमला चेल्सीच्या आपल्या घरी झाडाला बांधून फटके मारवले, असं प्रॉटेस्टंट इतिहासकार फॉक्स सांगतो. आपण पाखंड्यांना असं मारलं नसल्याचं मोअरने स्वतः लिहून ठेवलं आहे.

बोल्टच्या नाटकात बेनम नाही. हिलरी मँटेलने २००९ मध्ये ‘वुल्फ हॉल’ कादंबरीत त्याला आणलं आणि मोअरची प्रतिमा उलटी फिरवली. बोल्टवर इतिहास दडवल्याचा आरोप अनेकांनी केला, त्यात तथ्य आहे. पण त्याहून मोठं नुकसान नाटककार म्हणून झालं. स्वतःच्या आतल्या आवाजासाठी सही मागे घेणारा बेनम हाच बोल्टच्या व्याख्येतला खरा नायक होता. ‘स्व’ हीच विवेकाची कसोटी मानली, तर मोअर आणि मोअरने जाळू दिलेला माणूस एकाच पारड्यात येतात. दोघांपैकी कुणाचं बरोबर हे सांगायला मग ‘स्व’च्या बाहेरचं काहीतरी लागतं. देव लागतो, नाहीतर न्यायाची एखादी कल्पना लागते, किमान जाळलं जाणाऱ्याच्या वेदनेला तरी काही वजन द्यावं लागतं. १९६० च्या बोल्टकडे यातलं काही नव्हतं. त्याच्याकडे फक्त ताठ कणा होता, आणि पुढच्या वर्षी तोही वाकला.

त्यानंतरच्या बोल्टकडे हे सगळं माहीत असलेला माणूस म्हणून पाहावं. त्याचा झिवागो कवी आहे, क्रांतीच्या पुढे तो उभाही राहत नाही आणि तिला शरणही जात नाही, नुसता वाहत जातो. त्याचा लॉरेन्स वाळवंटात मागे राहिलेल्या कासिमला जीव धोक्यात घालून परत आणतो आणि पुढे दोन टोळ्यांतली एकी टिकावी म्हणून त्याच कासिमला स्वतःच्या हाताने गोळी घालतो. मधल्या काळात गांधींवरच्या पटकथेवरही बोल्टने काम केलं, आधी लीनसाठी आणि मग रिचर्ड ॲटनबरोसाठी. पडद्यावर आली ती पटकथा जॉन ब्रायलीची. चंपारणात जामीन द्यायला नकार देऊन न्यायाधीशालाच पेचात टाकणारा माणूस बोल्टच्या हातून कसा उतरला असता, याचं कुतूहल राहतंच.

१९७९ मध्ये बोल्टला हृदयविकाराचा झटका आला आणि लगेच पक्षाघात. उजवं अंग गेलं, वाचा गेली. संवादासाठी जगात नाव झालेल्या माणसाला शब्द नव्याने गोळा करावे लागले. त्यातून उठून तो डाव्या हाताने टाइप करत पुन्हा लिहायला लागला. १९९१ मध्ये त्याने अमेरिकन टीव्हीसाठी जेम्स ब्रेडी यांच्यावर चित्रपट लिहिला. रेगन यांच्यावरच्या हल्ल्यात मेंदूला गोळी लागलेले हे प्रसिद्धी सचिव आणि बंदुकांवर निर्बंध यावेत म्हणून वर्षानुवर्षं झगडणारी त्यांची बायको. मोडलेल्या बोलण्याचं मोल आता त्याला आतून ठाऊक होतं.

पण त्याचं शेवटचं मोठं काम ‘द मिशन’. आजारपणाच्या कितीतरी आधी लिहिलेली ही पटकथा पडून होती. रोलांड जॉफेने तिचा चित्रपट केला आणि १९८६ मध्ये कान महोत्सवात त्याला सर्वोच्च पारितोषिक मिळालं. विषय अठराव्या शतकातल्या दक्षिण अमेरिकेचा. जेझुइट पाद्रींनी ग्वारानी लोकांच्या वसाहती उभ्या केल्या होत्या. तिथे सामायिक शेती होती, कारागिरी होती, संगीत होतं आणि मुख्य म्हणजे गुलाम पकडणाऱ्यांपासून संरक्षण होतं. १७५० च्या माद्रिद तहात स्पेनने उरुग्वाय नदीच्या पूर्वेकडच्या अशा सात वसाहती पोर्तुगालला देऊन टाकल्या. सुमारे तीस हजार लोकांनी घरंदारं सोडून पलीकडे जावं, असा हुकूम सुटला. लोक हटले नाहीत, तेव्हा दोन्ही राजांच्या फौजा मिळून चालून आल्या. १७५६ च्या फेब्रुवारीत काइबोआतेच्या लढाईत एका दिवसात दीड हजाराच्या आसपास ग्वारानी मारले गेले.

या कथेचा एक धागा गोव्यापर्यंत येतो. वसाहतींतल्या प्रतिकाराला जेझुइटांची फूस आहे, असं धरून पोर्तुगालचा मंत्री पोंबाल त्यांच्यावर उलटला आणि १७५९ मध्ये पोर्तुगीज मुलखातून त्यांची हकालपट्टी झाली. गोव्यातले जेझुइटही त्यातच गेले. याच संघाचा फादर थॉमस स्टीफन्स या हकालपट्टीच्या दीडशेक वर्षं आधी साष्टीत राहून मराठीत ‘ख्रिस्तपुराण’ लिहून गेला होता. तोही जन्माने इंग्रज. हेन्रीने पोपशी संबंध तोडल्यानंतरच्या इंग्लंडात कॅथॉलिकांना मोकळा श्वास उरला नाही, म्हणून रोममार्गे १५७९ मध्ये गोव्याला पोचलेला.

‘द मिशन’मध्ये बोल्ट दोन पाद्री समोरासमोर उभे करतो. फादर गॅब्रिएल शस्त्र उचलायला तयार नाही. फौज आली तेव्हा तो पवित्र भाकरीचं पात्र हातात घेऊन बायकामुलांच्या मिरवणुकीपुढे चालत राहतो आणि गोळी खातो. मेंडोझा हा पूर्वी गुलामांचा व्यापारी. सख्ख्या भावाच्या खुनाचं प्रायश्चित्त म्हणून तो आपली चिलखतं-तलवारी जाळ्यात बांधून ते ओझं धबधब्याच्या कड्यावरून ओढत वर नेतो. ज्यांची माणसं त्याने विकली त्यांच्यातलाच एक जण सुरीने ते ओझं कापून टाकतो. हाच मेंडोझा शेवटी व्रत मोडून तलवार उचलतो. तोही मरतो. अहिंसा जिंकत नाही, हिंसाही जिंकत नाही. इथे बोल्टने प्रेक्षकाला सोपी पळवाट ठेवलेली नाही, आणि हा प्रसंग लिहिणारा लेखक १९६० च्या बोल्टपेक्षा मोठा आहे, असं म्हणायला हरकत नाही.

चित्रीकरणावर सल्लागार म्हणून एक खराखुरा जेझुइट होता, डॅनियल बेरिगन. त्याने एक छोटी भूमिकाही केली. व्हिएतनाम युद्धाच्या काळात, १९६८ मध्ये, त्याने आणि आठ जणांनी मेरीलँडमधल्या केटन्सव्हिल गावी सक्तीच्या लष्करभरतीच्या फायली कचेरीबाहेर आणून घरी बनवलेल्या नापामने जाळल्या होत्या. शिक्षा झाली तेव्हा तो हजरच झाला नाही, चार महिने पोलिसांना चकवत फिरला, अधूनमधून प्रकट होऊन प्रवचनही करून जायचा. सही करून सुटलेल्या लेखकाच्या चित्रपटात कधीच न झुकलेला पाद्री वावरत होता. दोघांत याबद्दल काही बोलणं झालं असेल तर ते ऐकायला हवं होतं.

मात्र चित्रपटात गोष्ट सांगतो तो या दोन पाद्रींपैकी कुणीच नाही. सांगतो कार्डिनल अल्तामिरानो. रोमने त्याला निवाड्यासाठी पाठवलं आहे. तो वसाहती पाहतो, तिथलं गाणं ऐकून हलतो, हे मोडणं पाप आहे हे त्याला कळतं, आणि तरीही तो मोडायला संमती देतो. का, तर अडून बसलो तर युरोपातला अख्खा जेझुइट संघ संकटात येईल. पुन्हा नॉरफोक, पुन्हा स्पीगल: इतर अनेकांसाठी ही एक सही. सगळं संपल्यावर तो पोपला पत्र लिहायला बसतो आणि जग असंच आहे, ही सबब स्वतःला लागू करून घेत नाही. इतिहासातला अल्तामिरानो कार्डिनल नव्हता, हुकमाची अंमलबजावणी करायला पाठवलेला साधा जेझुइट अधिकारी होता. सही करणाऱ्याचं दुःख बोल्टने त्याला पदरचं दिलं. शिवाय त्याचा सौदा फुकटच गेला: १७६७ मध्ये स्पेननेही जेझुइटांना हाकललं आणि १७७३ मध्ये खुद्द पोपनेच तो संघ बरखास्त केला.

इतकं असूनही चित्रपट एका जागी कच्चा राहतो. ग्वारानी लोक त्यात गातात, लढतात, मरतात. विचार मात्र त्यांच्या वतीने पाद्री करतात. पडद्यावर त्यांची भूमिका करणारे लोकही ग्वारानी नव्हते, कोलंबियातल्या दुसऱ्याच आदिवासी जमातीचे होते. विवेकाचा पेच पडतो तो गॅब्रिएलला, मेंडोझाला, कार्डिनलला. ज्यांची जमीन चालली आहे ते जणू निसर्गाचा भाग. वस्तुतः १७५३ मध्ये, युद्धाच्या तोंडावर, या वसाहतींतल्या ग्वारानी पुढाऱ्यांनी ब्युनॉस आयर्सच्या गव्हर्नरला स्वतःच्या भाषेत पत्रं लिहिली होती. ती आजही माद्रिदच्या दप्तरखान्यात आहेत. कन्सेप्सियोन वसाहतीचा मुखिया निकोलास न्येंगिरू त्यांतल्या एका पत्रात गव्हर्नरला जाब विचारतो. ही जमीन आम्हाला देवाने दिली, आमच्या हातांनी आम्ही देवळं-मळे उभे केले, आधीच्या राजाने आम्हाला जपायचा लेखी शब्द दिला होता, पोर्तुगिजांविरुद्ध आम्ही त्याच्यासाठी लढलो. मग हा हुकूम खरोखर राजाचाच कसा असेल? मुद्देसूद, कायद्याला धरून, थोडा कावाही असलेला युक्तिवाद आहे हा. मोअरने वाचला असता तर त्यातला वकील त्याला लगेच ओळखू आला असता. बोल्टच्या पटकथेत पत्र लिहितो तो फक्त कार्डिनल.